सीटी नॉर्मल, पण दात बसत नाहीत

पारोळ्याच्या पुढं हायवेला मोटारसायकल घसरली आणि पोरगा हनुवटीवर आपटला. बावीस-तेवीसचं वय, हेल्मेट हँडलला लटकवलेलं. जिल्ह्याच्या गावी नेलं, डोक्याचा सीटी स्कॅन झाला, रात्रभर ठेवून घेतलं आणि सकाळी ‘सीटी नॉर्मल आहे’ म्हणून घरी सोडलं. घरच्यांनी मारुतीला नारळ फोडला. नवव्या दिवशी तो माझ्या खुर्चीत बसला होता. तक्रार एकच, “डॉक्टर, भाकरी चावता येत नाही. दात बसतच नाहीत एकमेकांवर.”

मी त्याला तोंड मिटायला सांगितलं. मागच्या दाढा टेकल्या, पुढचे दात उघडेच राहिले. खालच्या समोरच्या दोन दातांत फट, आणि त्यातला एक दात शेजाऱ्यापेक्षा खाली उतरलेला. कानाच्या पुढं बोट ठेवून तोंड उघडायला लावलं तर तो कळवळला. माझ्या गावात ओपीजी, म्हणजे सगळा जबडा एका चित्रात दाखवणारा एक्स-रे, निघत नाही, म्हणून त्याला चिठ्ठी देऊन मोठ्या गावी पाठवलं. संध्याकाळी एसटीनं फिल्म घेऊन आला. जबडा तीन जागी मोडला होता: हनुवटीत एकदा आणि दोन्ही कानांपुढच्या सांध्यांच्या मानेत एकेकदा.

त्याच्या वडिलांच्या हातात सीटीचं मोठं पाकीट होतं. ते टेबलावर ठेवून त्यांनी विचारलं, “मंग हाई खोटं व्हतं का?”

खोटं नव्हतं. डोक्याला मार लागलेल्या माणसाचा सीटी काढतात तो मेंदूत रक्तस्राव आहे का, कवटी तडकली आहे का हे बघायला. त्याचे काप साधारण कवटीच्या तळापासून वर टाळूपर्यंत घेतात. खालचा जबडा बहुतेक वेळा त्या चौकटीत येतच नाही. यंत्राला मेंदूचं विचारलं, त्यानं मेंदूचं उत्तर दिलं. जबड्याचं कुणी विचारलं नव्हतं. पण कागदावर ‘नॉर्मल’ लिहिलेलं असतं आणि ते वाचणाऱ्याला सगळा माणूसच नॉर्मल वाटतो.

माझं म्हणणं असं: खानदेशातल्या तालुक्याच्या सरकारी रुग्णालयांत ओपीजीचं यंत्र हवं, आणि ते पुढच्या सीटी मशीनच्या आधी हवं. वीस-बावीस वर्षं तालुक्याच्या गावात दातांचा दवाखाना चालवल्यावर माझं हे मत झालं आहे. दातांचा डॉक्टर दातांचंच यंत्र मागणार, हा आरोप मान्य करूनच पुढं लिहितो.

ओपीजी म्हणजे काय ते ज्यांनी काढून घेतला आहे त्यांना ठाऊक आहे. यंत्रासमोर उभं राहायचं, हनुवटी टेकवायची, समोरच्या दातांत एक छोटी प्लास्टिकची काडी धरायची, जीभ टाळूला चिकटवायची आणि हलायचं नाही. एका बाजूला क्ष-किरणांची नळी आणि समोर पट्टी, अशी जोडी डोक्याभोवती अर्धा फेरा मारते. बारा ते अठरा सेकंद लागतात. एका कानापासून दुसऱ्या कानापर्यंतचा जबडा, सगळे दात, दोन्ही सांधे, वरच्या सायनसचा तळ, हे सगळं उलगडून एका लांबट चित्रात येतं. फिनलंडमधल्या पातेरो नावाच्या दंतवैद्यानं १९४०च्या दशकाच्या अखेरीपासून खटपट करून ही पद्धत उभी केली. त्याच्या पन्नास वर्षं आधी, १८९६च्या जानेवारीत, जर्मनीत ऑटो वॉल्कहॉफनं स्वतःच्या दातांचा पहिला क्ष-किरण फोटो घेतला तेव्हा त्याला पंचवीस मिनिटं काच तोंडात धरून बसावं लागलं होतं. आमच्याकडच्या म्हाताऱ्या माणसांना पंधरा सेकंदही पंधरा वर्षांसारखे वाटतात, तो भाग वेगळा.

क्ष-किरणांची मात्रा म्हणाल तर एका ओपीजीत साधारण वीस मायक्रोसिव्हर्टच्या आसपास. निसर्गात जमिनीतून, हवेतून, आकाशातून जगातल्या सरासरी माणसाला वर्षाला सुमारे २.४ मिलिसिव्हर्ट, म्हणजे २४०० मायक्रोसिव्हर्ट मिळतात. म्हणजे एका ओपीजीचा हिशेब तीन दिवसांचा झाला. चेहऱ्याच्या सीटीचा हिशेब यंत्रावर आणि सेटिंगवर ठरतो, पण तो महिन्यांत मोजावा लागतो. सीटी वाईट, असं मला म्हणायचं नाही. डोळ्याची खोबण फुटली, गालाचं हाड आत गेलं, वरचा जबडा कवटीपासून सुटला, तर सीटीला पर्याय नाही. २०२१मध्ये कोरोनाच्या मागोमाग काळी बुरशी आली तेव्हा वरचे दात हलतात म्हणून माझ्याकडे आलेल्या तीन माणसांना मी ओपीजीसाठी एक मिनिट थांबवलं नाही, थेट सीटी आणि एमआरआयला पाठवलं. त्यातल्या दोघांचा वरचा जबडा काढावा लागला, पण ते जिवंत आहेत. यंत्र रोगानुसार निवडायचं असतं. आपण ते उद्घाटनानुसार निवडतो.

आता त्या पोरीबद्दल सांगतो, जिच्यामुळं मी हे लिहायला बसलो.

सातपुड्यातल्या एका पाड्यावरची, नऊ वर्षांची. आशाताई तिला घेऊन आल्या, कारण बाप पावरी बोलणारा आणि माझी पावरी ‘तोंड उघड’च्या पुढं जात नाही. पोरीनं तोंड उघडलं म्हणजे वरच्या आणि खालच्या दातांत माझं नख जेमतेम शिरलं. एक दात पडलेला होता, त्या खिडकीतून ती डाळीत कालवलेली भाकरी बोटानं आत ढकलायची. हनुवटी गळ्याकडे गेलेली, चेहरा खालून चिमणीएवढा झालेला. रात्री घोरते, मधेच दचकून उठून बसते, असं आईचं म्हणणं. शाळेतली पोरं चिडवतात म्हणून शाळा बंद.

खोदून खोदून विचारलं तेव्हा निघालं. सहा वर्षांची असताना शेतातल्या माळ्यावरून पडली होती. हनुवटी फुटली. जवळच्या सरकारी दवाखान्यात चार टाके घातले, धनुर्वाताचं इंजेक्शन दिलं, पाच दिवसांनी टाके काढले. जखम छान भरली. टाक्यांची खूण अजून आहे, सरळ, स्वच्छ, ज्यानं घातले त्यानं मनापासून घातलेले टाके.

हनुवटीवर बसलेला धक्का तिथंच थांबत नाही. जबडा घोड्याच्या नालासारखा असतो, टोकं दोन्ही कानांपुढच्या सांध्यांत बसलेली. मधे मार बसला की जोर दोन्ही बाजूंनी वर चढतो आणि सांध्याखाली जिथं हाडाची मान बारीक आहे तिथं मोडतो. लहान मुलांत सांध्याचं डोकं मऊ असतं, ते चिरडतं, सांध्यात रक्त साचतं. दुखतं म्हणून पोर तोंड हलवत नाही. न हललेल्या सांध्यात त्या रक्ताच्या जागी हळूहळू हाड धरतं आणि जबडा कवटीला चिकटतो. मुलाच्या जबड्याची वाढही त्या सांध्यातून होत असते, म्हणून सांधा गेला की हनुवटी मागं राहते. जीभ मागं पडते, श्वासाची वाट अरुंद होते. हे सगळं व्हायला दोन-तीन वर्षं लागतात. तोवर टाके घालणाऱ्याची बदली झालेली असते.

या इजेवर वेळीच इलाज काय, हे ऐकून त्या बापानं कपाळाला हात लावला. एवढ्या लहान मुलाला बहुतेक वेळा ऑपरेशन लागतच नाही. दोन आठवडे पातळ-मऊ खाणं, दुखणं कमी झालं की रोज तोंड उघडण्या-मिटण्याचा व्यायाम, आणि काही महिने नजर. खर्च जवळजवळ शून्य. ओळखायला हवं होतं, एवढंच. आणि न ओळखल्यावर जे करावं लागतं ते असं: आधी सीटी, कारण चिकटलेलं हाड किती आणि कुठवर गेलं आहे, मागं कोणती धमनी आहे, हे आता सपाट चित्रात कळत नाही. मग मोठ्या शहरातलं मोठं रुग्णालय. भूल देणाऱ्याला तोंडातून नळी घालता येत नाही, म्हणून नाकातून दुर्बीण घालून ती उतरवायची. मग हाड कापायचं, बरगडीचा तुकडा बसवायचा. त्यानंतर वर्षभर व्यायाम, नाहीतर पुन्हा चिकटतं.

इथं कुणी म्हणेल, सहा वर्षांच्या पोराच्या सांध्यासाठी ओपीजीच कशाला, छातीचा फोटो काढायचं साधं यंत्र ग्रामीण रुग्णालयात असतंच. बरोबर आहे. त्या साध्या यंत्रावर तोंड उघडं ठेवून, कपाळ टेकवून, विशिष्ट कोनात फोटो काढला तर सांध्याची मान दिसते. रिव्हर्स टाउन व्ह्यू म्हणतात त्याला. माझी तक्रार अशी की तो कुणी मागत नाही आणि न मागितल्यानं तो काढायचा हातही बसत नाही. एका तंत्रज्ञाला मी तसा फोटो मागितला तेव्हा तो म्हणाला, “सर, शिकलो होतो. परीक्षेनंतर पहिल्यांदाच कुणी मागितला.” तिसऱ्या प्रयत्नात त्यानं चांगला काढला. म्हणजे यंत्र येईपर्यंतही बरंच करता येतं. हनुवटीला टाके घालायचे झाले की घालणाऱ्यानं आधी दोन्ही कानांपुढं बोटं ठेवून पेशंटला तोंड उघडायला लावावं. पेशंटची स्वतःची तीन बोटं उभी जाताहेत का बघावं. दात नेहमीसारखे बसतात का, हे विचारावं. यातलं काही बिनसलं असेल तर फोटो. डिस्चार्ज कार्डावर एवढी एक ओळ छापून घ्यायला कुठल्या निविदेची गरज नाही.

पण ओपीजीची गरज त्यानं संपत नाही, आणि त्याचं कारण टपरीवर टांगलेलं आहे. महाराष्ट्रात गुटखाबंदी आहे ती २०१२पासून. सुपारीची पुडी वेगळी, तंबाखूची वेगळी, दोन्ही तळहातावर एकत्र केल्या की झालं काम. माझ्याकडे येणाऱ्या पंचविशीतल्या पोरांत तोंड आखडलेली पोरं इतकी असतात की आता मला नवल वाटत नाही, आणि नवल वाटत नाही याची मात्र लाज वाटते. गालाच्या आतली कातडी पांढरी, चामड्यासारखी ताठ. तीन बोटांच्या जागी एक बोट. अशा तोंडात दाताच्या फोटोची छोटी फिल्म किंवा सेन्सर मागच्या दाढेपर्यंत जातच नाही. ओपीजी बाहेरून निघतो, त्याला पुढच्या दातांत काडी धरता आली की भागतं. कॅन्सर जबड्याच्या हाडात उतरला असेल तर ते त्यात दिसू शकतं, किडलेल्या दाढा दिसतात, पुढं रेडिएशन द्यायचं असेल तर त्याआधी कोणते दात काढायला हवेत ते ठरवता येतं.

मात्र याचीही उलटी बाजू सांगायला हवी. सुरुवातीचा तोंडाचा कॅन्सर गालात, जिभेवर, मऊ भागात असतो. तो ओपीजीत दिसत नाही. तो डोळ्यांनी बघायचा आणि तुकडा काढून तपासायचा. उद्या यंत्र आलं आणि ‘ओपीजी नॉर्मल’ म्हणून जिभेवरची जखम घरी पाठवली गेली, तर पारोळ्याच्या पोराची गोष्ट पुन्हा घडेल, फक्त पाकीट लहान असेल.

आता जरा आमच्या धंद्याकडे वळतो. शहरांत आता सीबीसीटीची यंत्रं आली आहेत. शंकूच्या आकाराचा किरण, डोक्याभोवती एक फेरा, आणि जबड्याचं त्रिमिती चित्र. इम्प्लांट बसवायचा असेल, अक्कलदाढेचं मूळ नसेला खेटलेलं असेल, सुळा टाळूत अडकला असेल, तर हे चित्र अनमोल आहे, मीही मागवतो. पण बारा वर्षांच्या मुलीला तारा लावायच्या म्हणून सरसकट सीबीसीटी? रूट कॅनालच्या प्रत्येक दाढेला? ओपीजी काही शे रुपयांत होतो, सीबीसीटी काही हजारांत, आणि त्या फरकातला वाटा कुठं जातो हे धंद्यातल्या सगळ्यांना माहीत आहे. एका सेंटरनं दिवाळीत मला मिठाईच्या पुड्याखाली पाकीट पाठवलं होतं. पहिल्या वर्षी मी ते ठेवून घेतलं. दुसऱ्या वर्षी परत केलं, तिसऱ्या वर्षी मिठाईही आली नाही. क्ष-किरणांची यंत्रं चालवायला अणुऊर्जा नियामक मंडळाचे, म्हणजे एईआरबीचे नियम आहेत, नोंदणी आहे. पण यंत्र बरोबर आहे का हे नियमावरून तपासता येतं, फोटो गरजेचा होता का हे चिठ्ठी लिहिणाऱ्याच्या मनात असतं.

तर चित्र असं आहे: एकीकडे धुळे-जळगावात सरळ दातांचे त्रिमिती फोटो, दुसरीकडे धडगावहून घाट उतरलेल्या मोडक्या जबड्याला साधा फोटो नाही. त्या माणसाचा एक रोज पहिल्या दवाखान्यात बुडतो, दुसरा फोटोसाठी, तिसरा फोटो दाखवायला. सोबत येणाऱ्याचेही तेवढेच. दिवाळीनंतर ऊसतोडीला गुजरातेत जायचं असतं, मुकादमाची उचल घेतलेली असते. तिसरा हेलपाटा होतच नाही. नवापूरकडची माणसं तर सरळ सुरतेला जातात, आणि त्यांच्या फायलींतली निम्मी पानं गुजरातीत असतात, ती मी अजून अडखळत वाचतो.

“सीटी आहे ना जिल्ह्याला, मग आणखी एक यंत्र कशाला?” हे मला एका बैठकीत ऐकावं लागलं. सीटीपाशी आधीच रांग आहे, डोक्याच्या मारांची, पक्षाघातांची, पोटदुखीची. त्या रांगेत जबडा नेहमी शेवटी असतो, कारण जबडा मोडून माणूस सहसा मरत नाही. दुसरा आक्षेप जास्त खरा आहे: यंत्र येईल आणि कव्हर घालून पडून राहील. पडून राहिलेली यंत्रं मीही पाहिली आहेत. म्हणून यंत्राबरोबर तीन गोष्टी मागायला हव्यात, आणि एकाच कागदावर. आमच्याकडच्या विजेला झेपेल असा स्टॅबिलायझर आणि बॅकअप. पाच वर्षांचा देखभालीचा करार, ज्यात दुरुस्तीची मुदत दिवसांत लिहिली असेल. आणि आहे त्याच एक्स-रे तंत्रज्ञाला आठवडाभराचं प्रशिक्षण. नवीन पद भरायची वाट बघत बसलो तर माझी निवृत्ती आधी होईल. वाचायला माणूस नाही म्हणतात, तर जिथं दंतशल्यचिकित्सकाचं पद भरलेलं आहे तिथं तो ओपीजी वाचू शकतो, त्याला तेच शिकवलेलं असतं. अवघड वाटला तर डिजिटल चित्र मुंबई, नागपूर किंवा छत्रपती संभाजीनगरच्या सरकारी दंत महाविद्यालयाला पाठवता येतं. रस्त्यानं पेशंट पाठवण्यापेक्षा ते नक्कीच सोपं.

पैसे? जिल्हा नियोजन समिती आहे, आदिवासी भागाला आदिवासी उपयोजना आहे. शिरपूर, शहादा, तळोदा, चोपडा, चाळीसगाव, जिथं जिथं आजूबाजूची पन्नास-शंभर गावं उतरतात आणि यंत्र नाही, तिथून सुरुवात करावी. सीटीच्या एका मशीनच्या किमतीत अशी बरीच यंत्रं बसतात. उद्घाटनाला ओपीजी तेवढा शोभत नाही, हे खरं. उभं एक खांबासारखं यंत्र, त्याला फुलांची माळ घालायची तर हनुवटीच्या टेकूला घालावी लागेल.

शिकवायचं काय, तेही फार नाही, पण ते इथलं हवं. जीभ टाळूला लावा असं सांगून कळत नाही. “पाणी गिळल्यावर जीभ जिथं चिकटते तिथंच ठेव” असं सांगितलं की कळतं. जीभ खाली राहिली तर वरच्या दातांच्या मुळांवर काळा पट्टा येतो आणि फोटो वाया जातो. कानातलं, नाकातलं, गळ्यातलं काढायला लावणं हा तर वेगळाच विषय आहे. धातूची सावली ओपीजीत समोरच्या बाजूला, थोडी वर, धूसर मोठी होऊन पडते, म्हणजे डाव्या कानातलं उजव्या जबड्यावर भुतासारखं उभं राहतं. एका आजीबाईंनी कानातलं काढायला साफ नकार दिला. लग्नात घातलेलं, तेव्हापासून निघालेलं नाही, भोकात रुतलेलं. तंत्रज्ञानं वैतागून तसाच फोटो काढला. दोन्ही बाजूंना दोन पांढरी भुतं. मी आजींना फोटो दाखवला तर त्या खूश झाल्या. “सोनं दखास,” म्हणाल्या. दुखरी दाढ नेमकी त्या सोन्याखाली झाकली गेली होती.

पोरीचं ऑपरेशन झालं. सरकारी योजनेत बसलं, मुंबईला झालं, आशाताई सोबत गेल्या. आता ती महिन्याला माझ्याकडे येते. आईस्क्रीमच्या लाकडी काड्या एकावर एक रचून दातांत घालायच्या, रोज जमेल तशी एक वाढवायची, हा तिचा व्यायाम. काड्या तिनं पाड्यावरच्या पोरांकडून गोळा केल्या आहेत, धुऊन पिशवीत घालून आणते. गेल्या खेपेला चौदा बसल्या. पुढच्या खेपेला सांधा कसा आहे ते बघायला फोटो हवा आहे, म्हणून चिठ्ठी लिहून दिली आहे. यंत्र चार तासांवर आहे, आणि बापानं विचारलं आहे की तो ऊसतोडीहून परत आल्यावर काढला तर चालेल का.